एनईएस मिनीत आपले गेम भरून दहा महिने: वडगावच्या घरातला अनुभव

गेल्या दिवाळीत धाकट्या भावाने पुण्याहून येताना एनईएस मिनी आणला, म्हणजे निन्टेन्डो कंपनीच्या जुन्या एनईएस या टीव्ही गेमची छोटी नवी आवृत्ती. हाताच्या तळव्यावर मावेल एवढा डबा आणि त्याला दोन कंट्रोलर. आता गणपती तोंडावर आलेत, म्हणजे वापराला दहा महिने होत आले. नवीन असताना काहीही चांगलंच वाटतं, म्हणून एवढे दिवस लिहायचं टाळलं होतं.

आम्ही बेळगावच्या वडगावातले. घरात पूर्वी माग होते. १९९६ च्या मे महिन्याच्या सुट्टीत आप्पांनी आम्हा दोघांना टीव्ही गेम आणून दिला होता. तो असली नव्हता, त्या काळी सगळ्यांकडे असायचा तसला नकली डबा आणि सोबत एक पिवळी कॅसेट. रणगाड्याचा गेम, सर्कसचा, गाड्यांचा, कॉन्ट्रा... आमचं बालपण म्हणजे ही यादी. दिवसभर मागावर बसून रात्री जेवण झालं की आप्पा स्वतः दुसरा कंट्रोलर हातात घ्यायचे. गल्लीत दुसऱ्या कुणाचे वडील खेळायचे नाहीत.

म्हणून मिनी पहिल्यांदा लावला तेव्हा मी थोडी हिरमुसले. नोव्हेंबर २०१६ मध्ये निन्टेन्डोने हा डबा ३० गेम आत घालून बाजारात आणला. यादी उत्तम आहे: मारिओचे तीन भाग, झेल्डाचे दोन, मेट्रॉइड, पॅक-मॅन. पण ती अमेरिका-युरोपातल्या मुलांच्या आठवणींची यादी आहे. बॅटल सिटी, म्हणजे आमचा रणगाड्याचा गेम, १९८५ मध्ये नामको कंपनीने फॅमिकॉमसाठी, म्हणजे एनईएसच्या जपानी रूपासाठी, काढला होता. अमेरिकन एनईएसवर तो आलाच नाही, मग या यादीत कुठून असणार? रोड फायटरही नाही, सर्कस चार्लीही नाही. कॉन्ट्राच्या जागी त्याचा पुढचा भाग सुपर सी आहे. भावाच्या बोटांनी सवयीने कॉन्ट्रात तीस जीव देणारा जुना मंत्र मारला, वर वर खाली खाली डावं उजवं डावं उजवं बी ए, आणि काहीच झालं नाही. सुपर सीमध्ये उजवं डावं खाली वर ए बी मारायचं असतं, आणि तेही तीस नाही, दहाच जीव देतं.

गेम वाढवायचे ते या कारणासाठी. डब्यात जागा कमी आहे म्हणून नव्हे, त्यात आपलं काही नाही म्हणून.

आमचा मिनी सेकंड हँड आहे. आधीच्या मालकाने त्यात सातशेच्या वर गेम कोंबून ठेवले होते. आम्हाला आधी आनंदच झाला. चार दिवसांत तो उतरला. फोल्डरमध्ये फोल्डर, त्यातला मेनू उघडायला वेळ, निम्म्या गेमचे चित्रच नाही आणि कित्येक तर काळा पडदा दाखवून परत मागे येणारे. रात्री अर्धा तास मिळायचा आणि तो काय खेळायचं ते शोधण्यात जायचा. आप्पांना तर एकदाही रणगाड्याचा गेम स्वतःहून सापडला नाही. दोन आठवड्यांनी डबा टीव्हीखाली धूळ खात पडला होता, हे मी मुद्दाम सांगतेय. ज्यांना 'हजार गेम भरून देतो' म्हणणारा कुणी भेटेल त्यांनी हे लक्षात ठेवा.

डिसेंबरात मी सगळं काढून पुन्हा भरलं. त्यासाठी हाकची-२ नावाचं मोफत सॉफ्टवेअर आहे, मूळचं जानेवारी २०१७ चं, म्हणजे मिनी बाजारात आल्यावर दोन-तीन महिन्यांतच लोकांनी ही वाट काढली होती. त्याची पुढची आवृत्ती हाकची सीई, ती मी वापरली. विंडोजवर चालतं.

माझा पहिला रविवार केबलमध्ये गेला. लॅपटॉपला डबा दिसेचना. मी ड्रायव्हर तीनदा काढून घातला, दुसऱ्या पोर्टला लावून बघितलं, भावाला व्हिडिओ कॉल केला. शेवटी कळलं की बाजारातून आणलेली केबल फक्त चार्जिंगची होती, तिच्यात डेटाच्या तारा नाहीत. डबा चालू व्हायला ती पुरते, बोलायला पुरत नाही. फोनसोबत आलेली जुनी मायक्रो यूएसबी लावली आणि लगेच सापडला. तेव्हा आधी केबल तपासा, मग बाकी सगळं.

पुढची रीत अशी. डबा बंद ठेवून यूएसबीने लॅपटॉपला जोडायचा. रीसेट दाबून धरायचं, तसंच धरून पॉवर चालू करायचं, दोनेक सेकंदांनी रीसेट सोडायचं. समोरचा लाल दिवा लागता कामा नये. दिवा लागला तर तो नेहमीसारखा सुरू झालाय, पुन्हा करायचं. दिवा न लागता लॅपटॉपला नवीन उपकरण दिसलं की जमलं. मग सगळ्यात आधी मूळ सॉफ्टवेअरचा बॅकअप घ्यायचा आणि तो पेन ड्राइव्हवर वेगळा ठेवायचा. हे केल्याशिवाय पुढे एक बटणही दाबू नका. आमच्याकडे पावसाळ्यात लाईट कधी जाईल सांगता येत नाही, पण या कामात डब्याला वीज लॅपटॉपकडूनच मिळते, म्हणून लॅपटॉपची बॅटरी भरलेली असली की बाहेर काहीही होवो.

एकदा हे झालं की बाकी सोपं. डाव्या बाजूला यादी, हवं त्यावर खूण, नको त्यावरची काढायची आणि सिंक, म्हणजे तेच बदल डब्यात उतरवायचे. खूण नसलेले गेम डब्यातून जातात. मूळचे ३० मी तसेच ठेवले आणि आपले अकरा घातले. अकराच. ते एका फोल्डरमध्ये आणि त्याला नाव दिलं 'वडगाव'.

जागेची काळजी करू नका. आत ५१२ एमबीची मेमरी आहे आणि बॅटल सिटीची फाइल २४ केबीची. त्याच्या डब्यावरच्या चित्राची फाइल गेमपेक्षा जड भरते! कॉन्ट्रासारखा मोठा गेम तोही १२८ केबीच. मर्यादा येते ती मेनूची आणि माणसाच्या लक्ष देण्याची.

गेम आणायचे कुठून, हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो. भावाचा एक सहकारी जपानला गेला होता, त्याने तिथल्या जुन्या वस्तूंच्या दुकानातून सात फॅमिकॉम कॅसेटी आणल्या. कॅसेट वाचून फाइल करणारं छोटं यंत्र भावाकडे आहे. आपल्या मालकीच्या प्रोग्रॅमची सुरक्षेसाठी प्रत काढून ठेवायला १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं ५२ वं कलम वाव देतं, इंटरनेटवरून उचललेल्या फाइलला देत नाही. उरलेल्या चारांत मायक्रो मेजेस आहे. २०१९ चा नवा गेम, पण जुन्याच यंत्रासाठी, ४० केबीत बसवलेला. तो आम्ही रीतसर विकत घेतला. नोव्हा द स्क्विरल तर त्याच्या कर्त्याने मोकळाच दिलाय. चाळीसेक वर्षांपूर्वीच्या यंत्रासाठी आजही कुणी मनापासून लिहितंय हे बघून मला फार बरं वाटलं.

कॅसेटींची मात्र एक गंमत. आमची ती मूळची पिवळी 'इतके इतके इन वन' कॅसेट अजून कपाटात होती. भावाने तीही वाचली. मिनीच्या आतला इम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणारं सॉफ्टवेअर, तिला ओळखत नाही, कारण असल्या कॅसेटीत एका गेमवरून दुसऱ्यावर उडी मारायला वेगळी चिप असते. त्यासाठी रेट्रोआर्क हे दुसरं सॉफ्टवेअर घालावं लागतं, त्यातला एफसीईयूएमएम हा इम्युलेटर असल्या बऱ्याच चिपा जाणतो. मी घातला, चालली, मेनूचं ते जुनं संगीत वाजलं आणि आम्ही दोघं गप्प बसलो. पण रोजच्या वापराला मी तो ठेवला नाही. मूळ इम्युलेटर साधा आहे, अडत नाही.

आता सगळ्यात महत्त्वाचं. रोड फायटर लावल्यावर भाऊ म्हणाला, "अगं, हा फास्ट झालाय की." मलाही तसंच वाटत होतं. सर्कसमध्ये सिंह रिंगणातून नीट उडी मारेना. मला वाटलं, वय झालं, हात मंदावले. तसं नव्हतं. आपला टीव्ही पाल पद्धतीचा, सेकंदाला ५० चित्रांचा. जपानी गेम सेकंदाला ६० चित्रांच्या हिशेबाने लिहिलेले. आपल्याकडचे नकली डबे तेच गेम ५० ने चालवायचे, म्हणजे मूळ वेगाच्या पाच-षष्ठांश. गाडी, सिंह, संगीत, सगळंच संथ. मिनी मात्र ६० नेच चालतो. म्हणजे लहानपणी आम्ही जो गेम खेळलो तो मुळात तसा नव्हताच, आणि आज चाळिशीत पहिल्यांदा त्याचा खरा वेग बघतोय. सवय व्हायला मला महिना लागला. त्यात बटण दाबल्यावर चित्र दाखवायला नवा टीव्ही जो उशीर करतो तो वेगळा, तेव्हा टीव्हीच्या सेटिंगमध्ये गेम मोड लावायला विसरू नका. सर्कसच्या सिंहाला त्याने खरोखर फरक पडला.

बदकं मारायचा गेम मात्र विसरा. बंदुकीचा घोडा ओढला की पडदा क्षणभर काळा होतो, बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटतो आणि बंदुकीतला सेन्सर तो उजेड टिपतो. हे जुन्या पिक्चर ट्यूबच्या टीव्हीच्या नेमक्या वेळेवर बेतलेलं होतं. एलसीडीवर तो हिशेबच बसत नाही. भावाने फार हट्ट धरला होता.

हाकचीने एक सोय अशी दिली की तिच्यावाचून आता जमणार नाही. मूळ डब्यात गेममधून बाहेर यायला उठून रीसेट दाबावं लागतं, आणि कंट्रोलरची वायर असते सुमारे ७५ सेंटीमीटर. आता सिलेक्ट आणि खालचं बटण एकत्र धरलं की बसल्या जागेवरून मेनू येतो. आप्पा ७४ वर्षांचे आहेत, गुडघे दुखतात. ही एक गोष्ट नसती तर ते खेळलेच नसते. वायरला एक्स्टेंशनही घेतली. जास्तीचा कंट्रोलर मी स्वस्तातला, नाव नसलेला घेतला होता, त्याचं डावं बटण तीन महिन्यांत चिकटायला लागलं. तिथे पैसे वाचवू नका.

दिवाळीच्या सुट्टीनंतर भाऊ परत गेला आणि मग आप्पांचा जोडीदार मीच. रणगाड्याच्या गेममध्ये आम्ही पूर्वीसारखंच वाटून घेतो. मी पिवळी, पुढे जाऊन मारायचं. आप्पा हिरवे, खाली गरुडापाशी थांबायचं. "तू जा गं पुढं, मी पक्षी बघतो," हे वाक्य तीस वर्षांत बदललेलं नाही. चुकून माझी गोळी त्यांना लागली की त्यांचा रणगाडा क्षणभर जागेवर थिजतो आणि ते माझ्याकडे वळून बघतात, एक शब्द न बोलता. एका टप्प्यात शत्रूचे वीस रणगाडे, असे ३५ टप्पे. आम्ही बावीसपर्यंत पोचलोय. शेजारचा सहा वर्षांचा कन्नड बोलणारा पोरगा रोज संध्याकाळी दारात उभा असतो, "अज्जा, इन्नोंदु सला," अजून एकदा म्हणून.

पण आप्पांचं खरं मन रमलंय ते त्याच गेमच्या कन्स्ट्रक्शनमध्ये. तिथे आपण स्वतः मैदान रचायचं, तेरा बाय तेरा चौकोनांचं. बटण दाबत गेलं की वीट, पोलाद, पाणी, झाडी, बर्फ एकामागून एक येतात. लहानपणी आम्ही भिंती बांधायचो. आप्पांनी फेब्रुवारीत एका दुपारी त्यात काठ घातला. कडेने विटांची ओळ, आत एक सोडून एक पोलाद, मधोमध झाडीची बुट्टी. आयुष्यभर मागावर नक्षी मोजलेला माणूस, एकेक चौकोन बोटाने मोजत होता. ओठ हलत होते. तासाभराने म्हणाले, "हे पुसत नाही ना गं?"

जुन्या डब्यात पुसायचं. स्विच बंद केला की गेलं. मिनीत मात्र गेम मध्येच थांबवून, मेनूत येऊन, ती अवस्था साठवता येते. प्रत्येक गेमला चार खण. मी त्यांना दाखवलं. लक्षात ठेवा, मेनूत येऊन खणात टाकल्याशिवाय साठत नाही, मध्येच लाईट गेली तर सगळं जातं. मार्चमध्ये असा एक पदर गेला, निम्म्याच्या पुढे आला होता. आप्पा काही बोलले नाहीत, पण दोन दिवस टीव्हीसमोर आले नाहीत. त्यानंतर डबा मी पॉवर बँकेवर लावला आणि टीव्ही इन्व्हर्टरवर घेतला. ५ व्होल्टवर चालतो, फार वीज खात नाही, पॉवर बँक सहज पुरते.

जुलैपर्यंत चारही खण भरले: काठ, रुईफूल, कोयरी आणि आईच्या लग्नातल्या शालूची म्हणून एक चौकट, जी मला तरी ओळखता आली नाही, पण त्यांना आठवते. पाचवी घालायची होती आणि कुठली पुसायची ते ठरेना. हाकचीत साठवलेल्या अवस्था लॅपटॉपवर उतरवून घेण्याची सोय आहे. परवा रविवारी त्या चारही मी उतरवल्या, पेन ड्राइव्हवर बॅकअपच्या शेजारी ठेवल्या. फाइलची नावं आप्पांनी सांगितली तशीच दिली. शालूच्या फाइलला त्यांनी आईचं नाव द्यायला सांगितलं. मग खण मोकळे केले, केबल काढली आणि डबा टीव्हीला लावून कंट्रोलर त्यांच्या हातात दिला.