हॉलमध्ये काय लावायचं, रविवर्म्यांची लक्ष्मी की ‘क्लासी’ अ‍ॅबस्ट्रॅक्ट?

हॉलच्या मोठ्या भिंतीसाठी असा घोळ घालत बसलेल्यांसाठी लिहितोय, मी दोन्ही लावून बघितलंय. साइज, फ्रेम, काच वगैरे दुकानदार सांगेलच.

लक्ष्मीवरचे आक्षेप पाठ असतील, कॅलेंडर आर्ट, बटबटीत, गोडगोड. क्लेमेंट ग्रीनबर्ग या अमेरिकन समीक्षकाने तर १९३९ मध्येच म्हणून ठेवलंय की किच (म्हणजे स्वस्त, भडक, दिखाऊ कला) खऱ्या कलेच्या परिणामाची नक्कल करतं. आता हा नियम लावला तर दोघंही सापडतात. लक्ष्मी म्हणजे ओलिओग्राफ, दगडावरून एकेक रंग छापून वर वॉर्निश चढवलेला, तैलचित्राचा आव आणणारा कागदच. पण माझ्या अ‍ॅबस्ट्रॅक्टवरचे ते ब्रशचे जाड फटकारे, बोट फिरवलं तर सपाट! छापलेले! लक्ष्मीच्या मागे निदान रविवर्म्यांनी स्वतः रंगवलेलं चित्र तरी आहे, आणि १८९४ साली मुंबईत निघालेल्या त्यांच्या प्रेसमुळे ज्यांना देवळात घेत नव्हते त्यांच्या घरातही देव पोचले, हे काही कमी नाही.

माझं बिनसलं ते सोफ्यावरून. अ‍ॅबस्ट्रॅक्ट घेतलं ते सोफ्याला मॅच होतं म्हणून (सगळे असंच घेतात, कबूल कोणी करत नाही), मग घरच्यांनी कव्हर्स मोरपिशी केली आणि चित्र एकदम आजारीच दिसायला लागलं, मग कुशन बदला, पडदे बदला, चित्रासाठी घर की घरासाठी चित्र तेच कळेना. मध्ये एकदा ते उलटं टांगलं गेलं तेही कुणाच्या लक्षात आलं नाही, पण त्याचा राग नाही, मातीस या नामांकित फ्रेंच चित्रकाराचं चित्रसुद्धा १९६१ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियममध्ये ४७ दिवस उलटं होतं.

लक्ष्मीला सोफ्याशी काही देणंघेणं नाही. कमळं, सोंडेत हार धरलेला हत्ती, सगळं आहे तसं भडक. चित्रकलेतला एखादा पाहुणा नाक मुरडतो, पण मुरडत मुरडत हत्तीकडेच बघत बसतो.

हाताने रंगवलेलं अ‍ॅबस्ट्रॅक्ट परवडत असेल तर गोष्ट वेगळी, ते जरूर घ्या. पण प्रिंटच लावायची असेल तर मी तरी लक्ष्मी म्हणेन, बाकी आवड ज्याची त्याची. फक्त दारासमोर नको, लोक आल्याआल्या नमस्कार करतात आणि चित्राबद्दल बोलायचं राहूनच जातं.