रॉबिनचा 'बॉडी टॉक': १५ गाण्यांचा एक घ्यावा की तीन भाग?

स्वीडिश गायिका-गीतकार रॉबिनने २०१० साली जून, सप्टेंबर आणि नोव्हेंबरमध्ये या अल्बमचे तीन भाग काढले. गाणी ८, ८ आणि ५. मग तिन्हींतून पाच-पाच वेचून १५ गाण्यांचा एक अल्बम केला. डेटा वाचवायला बरेच जण हा एकच उतरवतात. आमचं सांगणं, तिन्ही भाग घ्या.

'हँग विथ मी' पहिल्या भागात अगदी साध्या साथीवर आहे. दुसऱ्या भागात तीच चाल नाचाच्या ठेक्यावर येते. 'इन्डिस्ट्रक्टिबल'ही दुसऱ्यात साधं, तिसऱ्यात पूर्ण सिंथवर, म्हणजे इलेक्ट्रॉनिक कीबोर्डच्या सुरांवर. लागोपाठ लावा, म्हणजे ठेका काढून घेतला तरी ही गाणी तगतात हे लगेच कळतं. १५च्या अल्बममध्ये दोन्ही साधी रूपं नाहीत. पहिल्या भागातलं संथ स्वीडिश लोकगीतही गाळलंय. जात्यावरच्या ओव्या ऐकलेल्या कानाला ते परकं वाटणार नाही.

एका वर्षात तीन भाग काढता आले कारण गाणी काढणारी कंपनी तिची स्वतःची. १९७९ साली स्टॉकहोममध्ये जन्मलेल्या रॉबिनची दोन गाणी १९९७ मध्येच अमेरिकेत पहिल्या दहात होती. पण गाणी कशी असावीत यात कंपन्यांची ढवळाढवळ तिला नको होती, म्हणून २००५ साली तिने कोनिचिवा रेकॉर्ड्स काढली.

पहिल्या भागातलं 'डान्सिंग ऑन माय ओन' तिने गीतकार-निर्माता पॅट्रिक बर्गरसोबत लिहिलेलं. आवडता माणूस दुसरीसोबत नाचतोय आणि ही कोपऱ्यात एकटी. खालचा सिंथ-बास जवळपास थांबतच नाही, आणि इथेच आपल्याकडे घोळ होतो. लग्नाच्या डीजेची सवय म्हणून बास बूस्ट चालूच असतो. मग बास फुगतो, तिचा आवाज त्याखाली दबतो आणि उरते नुसती धडधड. बूस्ट बंद करा, इक्वलायझर सपाट ठेवा. स्पीकर भिंतीच्या कोपऱ्यात ठेवला तरी बास फुगतो, तेव्हा हातभर पुढे घ्या. टिनाच्या छताखाली झांजेचा आवाज कर्कश होतो. तिथे ट्रेबल एक घर उतरवा. जागलीला वावरात इअरफोन लावणार असाल तर एकच कानात घाला, डुकरांची चाहूल लागली पाहिजे.

गावात रेंज तुटक असेल तर तालुक्याला गेल्यावर उतरवून ठेवा. गाण्याचा दर्जा केबीपीएसमध्ये मोजतात; १६० केबीपीएसला मिनिटाला साधारण १.२ एमबी जातात, ३२० ला दुप्पट. छोट्या ब्लूटूथ स्पीकरवर फरक कळत नाही, १६० पुरे. स्पॉटिफायवर डाउनलोड चालणारा प्लॅन लागतो, आणि ३० दिवसांत एकदा तरी नेट लावावं लागतं, नाहीतर उतरवलेली गाणी वाजत नाहीत.

पहिल्या भागाच्या पहिल्याच गाण्याच्या नावात इंग्रजी शिवी आहे. घरात लहान पोरं असतील तर सरळ दुसऱ्या गाण्यापासून लावा.