केंटचे हायड्रोप्लेन संग्रहालय: नौकेचा तळ पाहण्यासाठी जावे असे ठिकाण

अमेरिकेत सिअ‍ॅटलच्या दक्षिणेला केंट येथे असलेले हायड्रोप्लेन अँड रेसबोट म्युझियम हे नावाने संग्रहालय असले, तरी व्हार्निश आणि इंजिन ऑइलच्या वासावरूनच कळते की हा चालता कारखाना आहे. हायड्रोप्लेन म्हणजे वेगात पाण्याला जेमतेम टेकत धावणारी शर्यतीची मोटरनौका. अशा जुन्या नौका येथे स्वयंसेवक दुरुस्त करून पुन्हा पाण्यात उतरवतात.

आम्ही गेलो तेव्हा एक नौका ट्रेलरवर कुशीवर कलती ठेवलेली होती. रुंदीमुळे तिला रस्त्याने असेच न्यावे लागते, आणि त्यामुळेच तिचा तळ डोळ्यांसमोर आला. पुढे दोन्ही अंगांना दोन फ्लोट, म्हणजे तरते फुगवटे, आणि मागे नौकेला पुढे ढकलणारा पंखा (प्रोपेलर), एवढ्या तीनच ठिकाणी ती वेगात असताना पाण्याला टेकते. पंखाही अर्धा पाण्याबाहेरच फिरतो. पाण्याचा अडथळा असा कमी झाल्यामुळेच ‘स्लो-मो-शन ४’ या नौकेने २६ जून १९५० रोजी सिअ‍ॅटलच्या लेक वॉशिंग्टनवर ताशी १६० मैलांचा विक्रम केला आणि त्याच वर्षी डेट्रॉइटची गोल्ड कप शर्यत जिंकली.

अपघातांचे मूळही येथेच आहे. माहिती देणाऱ्या वयस्कर स्वयंसेवकांनी तळहात आडवा धरला, बोटे किंचित वर केली आणि सांगितले की नाक एवढे उचलले गेले तरी वारा खाली शिरून नौका उलथवतो. १९५५ मध्ये ‘स्लो-मो-शन ५’ हवेत पूर्ण कोलांटी घेऊन पुन्हा सरळ पाण्यावर पडली. चालक लू फेजॉल गंभीर जखमी झाले. जून १९६६ मध्ये राजधानी वॉशिंग्टनला पोटोमॅक नदीवरील शर्यतीत एकाच दिवशी तीन चालक दगावले. त्यांतील रॉन मसन यांनी १९६३ ते १९६५ अशी सलग तीन वर्षे गोल्ड कप जिंकला होता. त्या काळची त्यांची ‘मिस बार्डाल’ ही हिरवी नौका या संग्रहालयाने पुन्हा उभी केली आहे. लढाऊ विमानाच्या मर्लिन इंजिनामागची तिची उघडी बैठक पाहताना माझ्याने बराच वेळ बोलवले नाही.

मागे एका तलावावर अशाच नौकेच्या प्रात्यक्षिकात आम्हाला ध्वनिक्षेपकातून एक शब्द कळला नव्हता आणि नौका दुसऱ्याच फेरीत बंद पडली होती. आधी येथे येऊन गेलो असतो, तर तिच्यामागे उसळणारा पाण्याचा उंच फवारा कशामुळे उठतो, हे मुलांना मीच समजावून सांगितले असते. इंजिन सुरू करणार असतील त्या दिवशी अवश्य जावे. लहान मुलांसाठी कान झाकायची सोय मात्र बरोबर न्यावी.