त्रिन्ह मिन्ह-हा यांचे दोन माहितीपट : आधी कोणता पाहावा?

दिग्दर्शिका त्रिन्ह टी. मिन्ह-हा यांचा जन्म व्हिएतनाममधल्या हनोईचा, काम अमेरिकेतलं. ‘रिअसेम्ब्लेज’ (१९८२) हा त्यांचा ४० मिनिटांचा माहितीपट सेनेगलच्या खेड्यांत घडतो. बायका धान्य कांडतायत, मुसळाचा ठेका कानात बसतो आणि मधेच आवाज गडप. चित्र मात्र चालूच. निवेदन आहे, पण ते काहीच समजावून देत नाही. या माणसांबद्दल बोलायचं नाही, त्यांच्या शेजारी राहून बोलायचं, ही दिग्दर्शिकेची भूमिका.

‘सरनेम व्हिएत गिव्हन नेम नाम’ (१९८९) मध्ये प्रश्न थेट त्यांच्या स्वतःच्या मुलखाचा. व्हिएतनामी बायका मुलाखती देतात. आपण विश्वास ठेवून ऐकत राहतो. पुढे उलगडतं, की या बायका अमेरिकेत स्थायिक झालेल्या आहेत आणि व्हिएतनाममध्ये इतर बायकांनी दिलेल्या मुलाखती त्या पाठ करून सादर करतायत. मग त्या स्वतःच्या आयुष्याविषयी बोलू लागतात, आणि मला तिथे गलबलून येतं. एकीचे शब्द, दुसरीचा चेहरा. साक्ष कुणाची मानायची?

‘रिअसेम्ब्लेज’ बघायची सवय मोडतो, पण त्यातल्या बायका आपल्याशी बोलत नाहीत, ही उणीव मला जाणवते. दुसऱ्यात त्या बोलतात. म्हणून वेळ एकाच माहितीपटापुरता असेल तर दुसराच पाहा. १०८ मिनिटं लागतील, पडद्यावरचा मजकूर आणि आवाज जुळणार नाहीत, तरी उठू नका.