जकार्तातल्या फॅमिली कराओकेत गेलात तर दांगदुत गाऊनच या

ऑफिसातली मंडळी शुक्रवारी ओढून घेऊन गेली, एका मॉलच्या वरच्या मजल्यावर. इथे दारू मिळत नाही, आजी-नातवंडं सगळी येतात, रूम तासावर घ्यायची. सहा जणांची रूम तासाला लाखभर रुपियाला पडली, म्हंजे आपले पाच-सहाशे, वर टॅक्स वेगळा. मला तरी महाग नाही वाटलं.

गाण्यांची यादी जबरदस्त. हिंदी गाणी पण भरपूर, मी 'छैंया छैंया' लावलं तर आमच्या टीममधली सगळ्यात अबोल मुलगी उठून पोलिसासारखी ताठ उभी राहिली आणि बाकीचे ओरडायलाच लागले! मग कळलं की २०११ मध्ये गोरोंतालोच्या नॉर्मन कमारू नावाच्या पोलिसाने ड्युटीवर, युनिफॉर्ममध्ये, बसल्या जागी याच गाण्यावर ओठ हलवून व्हिडिओ केला होता आणि यूट्यूबवर तो असा काही पसरला की माणूस रातोरात स्टार झाला, आणि त्याच वर्षी त्याची पोलिसातली नोकरीही गेली. आपलं गाणं इतक्या लांब असं कुणाच्या आयुष्यात शिरलंय हे ऐकून मला भरूनच आलं.

पण खरी मजा दांगदुतची, म्हंजे इथल्या लोकप्रिय, ठेका धरायला लावणाऱ्या गाण्यांची. गेंदांग म्हणून आपल्या तबल्यासारखं वाद्य असतं, त्याचे बोल 'दांग' आणि 'दुत', त्यावरूनच नाव पडलं. चालीत जुनी हिंदी फिल्मी गाणी सारखी डोकावतात म्हणून चाल आपल्या कानात लगेच बसते, शब्द कळले नाहीत तरी चालतं. गायिका इनुल दारातिस्ताचं गाणं लागलं की पोरी तिचा तो कमरेचा गरगर झटका देतात, ज्याच्यावरून २००३ मध्ये दांगदुतचे राजा रोमा इरामा भयंकर चिडले होते. इनुल टीव्हीवर यायच्या आधीच तिच्या गावोगावच्या कार्यक्रमांच्या कॉपी केलेल्या व्हीसीडी घरोघरी पोचल्या होत्या, म्हंजे यूट्यूबच्या आधीचं यूट्यूबच की. आज तिच्या नावाने कराओकेची अख्खी साखळी आहे.

गाणाऱ्यावर नोटा उधळायच्या त्याला इथे सावेरान म्हणतात, आपली दौलतजादाच! आमच्यातल्या एकाने दोन-दोन हजार रुपियाच्या नोटा पंख्यासारख्या धरल्या आणि एकेक करून माझ्या खिशात सरकवल्या, वर 'मास, लागी!' म्हंजे दादा, अजून एक! लाइव्ह स्ट्रीम करणाऱ्यांना पैसे पाठवायची जी साइट आहे तिचं नावही यावरूनच सावेरिया.

शेवटी दिदी केम्पोत लावला. जावानीज भाषेत प्रेमभंगाची गाणी गायचा, ऐन म्हातारपणाच्या उंबरठ्यावर तरुण पोरांनी त्याला ऑनलाइन डोक्यावर घेतलं आणि मे २०२० मध्ये गेला बिचारा. त्याचे चाहते स्वतःला 'सोबात आंब्यार' म्हणवतात, आंब्यार म्हंजे पार चुराडा झालेला. रूममधले तीन जण डोळे मिटून गात होते, स्क्रीनकडे कुणाचं लक्षच नव्हतं.

तक्रारी दोनच. एक माइक सारखा शिट्टी मारत होता (सांगितल्यावर पाच मिनिटांत बदलून दिला) आणि हिंदी गाण्यांचे शब्द स्क्रीनवर उशिरा येतात, त्यामुळे पाठ असलेलंच गाणं लावा. पिसांग गोरेंग, म्हंजे केळ्याची भजी, नक्की मागवा, गरमागरम आणि कुरकुरीत येतात. दोन तास घेऊ नका, तीन घ्या, आमचं 'लागी, लागी' चालू असतानाच वेळ संपली.