कल्पित जगासाठी वर्षाहून मोठं माप: बहर, फेरा की गादी?

कादंबरीसाठी किंवा फाशांच्या भूमिका-खेळासाठी (रोल-प्लेइंग गेम) स्वतःचं जग रचताना दिवस, महिने, वर्ष इथपर्यंत बहुतेकांचं जमतं. गाडी अडते त्यापुढे. एखादी म्हातारी ‘तो किल्ला पडला तेव्हा मी लहान होते’ म्हणते, तेव्हा ते साल तिथली माणसं सांगणार कसं? दशक, शतक म्हटलं की वाचक थेट भिंतीवरच्या कॅलेंडरात येऊन पडतो. आमच्या साताऱ्याच्या खेळगटात यावरून भरपूर वाद झाले आणि तीन मापं उरली. तिघांचंही मूळ इथल्याच मुलखात आहे.

पहिलं, बहर. कास पठारावरची टोपली कारवी सात वर्षांतून एकदा फुलते. एरवी नुसती हिरवी झुडपं, आणि त्या वर्षी पावसाळा सरता सरता अख्खे उतार जांभळे. तेव्हा एक बहर म्हणजे सात वर्षं. ‘पोरगी तिसऱ्या बहरात आहे’ म्हटलं की ती चौदा ते एकवीसच्या मधली. वय असं ढोबळ सांगणं खेडेगावाच्या कथेला शोभतं.

या मापाची खरी ताकद म्हणजे त्याला जोशीबुवा लागत नाही. गुराखी, मध काढणारा, कुडाच्या भिंतीसाठी कारवीच्या काठ्या तोडणारा, सगळ्यांना ते डोळ्यांनी दिसतं आणि पोटाला लागतं. बहर आला की मध, बहर सरला की वाळलेलं रान. शिवाय एकदम एवढं बी पडलं की ते खायला कोणीतरी येणारच. मिझोराममध्ये बांबू साधारण 48 वर्षांनी फुलतो, बियांवर उंदीर माजतात आणि मग शेतांवर तुटून पडतात. 1959 च्या अशाच दुष्काळात मदतीसाठी उभ्या राहिलेल्या संघटनेतून पुढे मिझो नॅशनल फ्रंट हा बंड पुकारणारा पक्ष निघाला. फुलापासून बंडापर्यंतचं कथानक आयतं हातात येतं, ते सोडू नका.

खोट एकच, पण मोठी. कारवीचे सगळे पट्टे एकाच वर्षी फुलत नाहीत. एका खोऱ्यात आठवा बहर चालू असताना शेजारच्या खोऱ्यात सातवाच असू शकतो. कादंबरीकाराला यात करार, वारसा, लग्नाचं वय अशी भांडणं लावता येतात. पण दर शनिवारी पाच जणांचा खेळ चालवणारा यात हमखास अडकतो.

दुसरं, फेरा. गुरू कन्या राशीत आला की कृष्णाकाठी, वाईला, नृसिंहवाडीला कन्यागत पर्वकाळ असतो, साधारण बारा वर्षांनी. कल्पित आकाशात असाच एक संथ ग्रह टाका, त्याची एक प्रदक्षिणा म्हणजे एक फेरा. हिशेब सोपा: बारा, चोवीस, छत्तीस. पाच फेऱ्यांत साठ वर्षं, म्हणजे आपल्या प्रभवादी संवत्सरांचं चक्र. जग कितीही पसरलं तरी ग्रह सगळ्यांना एकच दिसतो, म्हणून नकाशा मोठा असेल तर हेच घ्या. गुरूची प्रदक्षिणा खरं तर 11.86 वर्षांची, त्यामुळे सात फेरे 84 ऐवजी 83 वर्षांतच पुरे होतात. तुमच्या जगातल्या पंडितांना भांडायला एवढी तफावत पुरे. बाकी हे माप मला जरा कोरडं वाटतं. ग्रह राशीला आल्याने कुणाची चूल पेटत नाही.

तिसरं, गादी: अमक्या राजाच्या राज्याचं इतकावं वर्ष. शिवछत्रपतींनी 6 जून 1674 च्या राज्याभिषेकापासून स्वतंत्र शक सुरू केला, तो याच जातीचा. मोजणी सुरू करणं म्हणजे सार्वभौमत्व जाहीर करणं. पण शाहू महाराजांचा साताऱ्याला 1708 साली राज्याभिषेक झाला तेव्हा ताराबाईंचा दावा कायम होता, आणि सातारा-कोल्हापूरची हद्द ठरायला 1731 चा वारणेचा तह उजाडावा लागला. आता असल्या दुहीच्या काळात तुमच्या जगातला गावचा कुलकर्णी कागदावर कोणत्या गादीचं वर्ष घालेल? तो जे साल लिहील, त्यावरून त्याची बाजू कळेल. राजकीय कथेला याहून धारदार हत्यार नाही. माप म्हणून मात्र गादी कुचकामी. एक राजा तीन वर्षांत जातो, दुसरा चाळीस वर्षं हलत नाही. वयं, अंतरं, कर्जाची मुदत, काहीच हिशेबात बसत नाही.

मराठी कागदपत्रांत शुहूर सन ही वर्षगणनाही दिसते. हा सन सूर्य मृगात गेला की बदलायचा, म्हणजे पावसाच्या आणि पेरणीच्या तोंडावर. राजा बदलला तरी सारा थांबत नाही, म्हणून रोजच्या कारभाराला गादीपेक्षा असलं माप टिकाऊ.

एकच घ्यायचं तर मी बहर घेईन, फक्त गोष्ट एकदोन खोऱ्यांत राहणारी हवी. सात राज्यं, समुद्रप्रवास, लांबलचक वंशावळ्या असतील तर फेरा, आणि गादी फक्त दरबारी पत्रांच्या मायन्यात. खेळ आधीच निम्मा झाला असेल तर जुन्या तारखा खोडत बसू नका. ज्या वर्षी खेळाडू पहिल्यांदा भेटले, त्या वर्षी कारवी फुलली होती असं ठरवा आणि पुढे-मागे सात-सात मोजत जा.