नॉर्मंडीचे फुकट नकाशे: लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या संग्रहाचं परीक्षण

६ जून १९४४ च्या नॉर्मंडी मोहिमेवरचं, म्हणजे दोस्त सैन्य फ्रान्सच्या किनाऱ्यावर उतरलं त्यावरचं, कुठलंही पुस्तक घ्या. ‘डॉग ग्रीन’, ‘ईझी रेड’, ‘डी-३ एक्झिट’ अशी किनाऱ्याच्या भागांची सांकेतिक नावं पानापानावर येतात आणि पुस्तकातल्या बोटभर नकाशात त्यातलं एकही सापडत नाही. ही अडचण सोडवायची तर मूळ लष्करी नकाशेच हवेत. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने ते संकेतस्थळावर मोठ्या आकारात ठेवले आहेत. नोंदणी करावी लागत नाही, पैसे पडत नाहीत, डाउनलोड खुलं आहे. संग्रह पहिल्या प्रतीचा आहे. मात्र त्यातला जो भाग शोधात सगळ्यात आधी समोर येतो, तोच सैन्य किनाऱ्यावर उतरलं तो दिवस समजायला सगळ्यात कमी कामाचा आहे. म्हणून कोणता नकाशा कशासाठी उघडायचा, हे आधी ठरवलेलं बरं.

समोर येतात ते अमेरिकेच्या बाराव्या आर्मी ग्रुपचे (अनेक आर्मींचा मिळून एक गट) रोजचे स्थितिदर्शक नकाशे. ६ जून १९४४ पासून २६ जुलै १९४५ पर्यंतचे एकूण ४१६ नकाशे आणि त्यांच्या जोडीला ११५ लेखी अहवाल. अहवालांचा आकडा पाहून नॉर्मंडीच्या अभ्यासकाने हुरळून जाऊ नये, कारण ते सगळे ३ मार्च १९४५ नंतरचे आहेत. नकाशे मुख्यालयात आलेल्या माहितीवरून काढलेले आहेत, आणि बारावा आर्मी ग्रुप प्रत्यक्ष कामाला लागला तो १ ऑगस्ट १९४४ ला. त्यामुळे जूनच्या पहिल्या दिवसांची रेघ म्हणजे ‘त्या वेळी मुख्यालयाला जे ठाऊक होतं ते’ असं समजून वाचावी. नकाशा कितीच्या ठोक्याचा आहे ते त्यावरच लिहिलेलं असतं. ते न पाहता दोन दिवसांचे नकाशे शेजारी ठेवले की आघाडी खरी होती त्याहून जास्त किंवा कमी सरकल्यासारखी वाटते.

चिन्हं कळायला सोपी आहेत. चौकोनाच्या डोक्यावर दोन फुल्या म्हणजे डिव्हिजन, तीन म्हणजे कोअर, चार म्हणजे आर्मी. तीन उभ्या रेघा म्हणजे रेजिमेंट, दोन म्हणजे बटालियन. एवढं पाठ झालं की जूनअखेरीस शेरबुर्ग कसं पडलं, जुलैअखेरीस सेंट-लोच्या पश्चिमेला आघाडी कशी फुटली, हे नकाशे ओळीने उलगडत गेल्यावर झकास दिसतं. त्या कामासाठी या मालिकेला तोड नाही. सैन्य उतरलं त्या पाच किनाऱ्यांची सांकेतिक नावं पश्चिमेकडून युटा, ओमाहा, गोल्ड, जुनो आणि सोर्ड. पण ६ जूनच्या सकाळी साडेसहाला यातल्या ओमाहाच्या वाळूवर काय झालं, हे त्यातून कळणार नाही. एका कागदावर अख्खी आघाडी मावते तेव्हा तीनशे मीटर रुंदीची पुळण दिसणार तरी कशी?

त्यासाठी याच लायब्ररीतला दुसरा नकाशा उघडायचा: ‘ओमाहा बीच, पूर्व (कोलव्हिल-सूर-मेर)’. अमेरिकन नौदलाच्या टास्क फोर्स १२२ ने एप्रिल १९४४ मध्ये तयार केलेला, ‘बिगॉट’ या अतिगोपनीय शिक्क्याचा. शोधताना ओमाहा बीच हे नाव इंग्रजी स्पेलिंगने टाकून नकाशांपुरता शोध मर्यादित करा. याचं प्रमाण १:७,९२० आहे, म्हणजे आठ इंचाला एक मैल. एक किलोमीटर कागदावर साडेबारा सेंटीमीटरहून थोडा जास्त भरतो. ओहोटीला उघडी पडणारी तीनशे मीटर वाळू इथे जवळजवळ पावणेचार सेंटीमीटर आहे. १:२५,००० च्या नकाशावर तीच वाळू सव्वा सेंटीमीटर होते आणि १:२,००,००० वर दीड मिलिमीटर. त्या दीड मिलिमीटरमध्ये सकाळची सगळी लढाई आहे.

या नकाशावर किनाऱ्याचे अडथळे, जर्मन ठाणी, तारा, समुद्राकडून दिसणाऱ्या किनाऱ्याचं रेखाचित्र, वाळूचा उतार आणि सूर्य-चंद्राच्या वेळांचा तक्ता आहे. पहिल्यांदा पाहणारा सरळ ठाण्यांकडे झूम करतो. सुरुवात उतारापासून आणि तक्त्यापासून करा, कारण तारीख आणि वेळ या दोन गोष्टी तिथूनच ठरल्या आहेत.

कोकणातल्या वाचकाला उधाण आणि भांग समजावून सांगायला नको. ६ जूनला पौर्णिमा होती, म्हणजे उधाणाचे दिवस. हवाई छत्रीधारी सैन्याला रात्री चांदणं हवं होतं आणि नौदलाला पहाटेच्या सुमारास ओहोटी. दोन्ही जुळणारे दिवस त्या आठवड्यात ५, ६ आणि ७ जून एवढेच होते. ओहोटी का हवी, ते अडथळ्यांच्या रांगांवर बोट ठेवून पाहा. ओमाहाला भरतीच्या रेषेपासून समुद्राच्या बाजूला सुमारे २३० मीटरवर लोखंडी फाटकं, त्यांच्या वीसेक मीटर किनाऱ्याकडे तिरपे रोवलेले ओंडके आणि किनाऱ्यापासून सुमारे १२० मीटरवर रुळांच्या तुकड्यांचे काटेरी अडथळे. फाटकांवर आणि ओंडक्यांवर सुरुंग बांधलेले. भरतीला हे सगळं पाण्याखाली जातं आणि होडीचा तळ फुटतो. ओहोटीला ते उघडं पडतं, सुरुंग निकामी करणाऱ्यांना हात घालता येतो. पण मग पायदळाला तेवढंच अंतर मोकळ्या वाळूवरून, समोरच्या टेकाडावरच्या मशिनगनच्या तोंडी काटावं लागतं. ओहोटीनंतर साधारण तासाभराने, पाणी चढत असताना उतरायचं, ही या दोन संकटांमधली तडजोड होती.

इथेच दुसरी एक गोष्टही उलगडते. अमेरिकन किनाऱ्यांवर (युटा आणि ओमाहा) उतरायची वेळ ६.३० होती, गोल्ड आणि सोर्डवर ७.२५, जुनोवर त्याहूनही उशिरा. इंग्लिश खाडीत भरती पश्चिमेकडून पूर्वेकडे सरकते, म्हणून पूर्वेच्या किनाऱ्यांवर ओहोटी उशिरा येते. वेळा सगळ्या ब्रिटिश दुहेरी उन्हाळी वेळेच्या आहेत, ग्रिनिचच्या दोन तास पुढे. आजच्या एखाद्या ॲपवर त्या दिवसाचा सूर्योदय काढून ताडायला गेलात तर हे दोन तास मोजायला विसरू नका.

आता दिशा. बहुतेकांचा घोळ इथेच होतो. किनाऱ्याच्या प्रत्येक विभागाच्या (डॉग, ईझी वगैरे) भागांना रंग दिले होते ते समुद्राकडून जमिनीकडे पाहताना: उजवीकडे ग्रीन, मध्ये व्हाइट, डावीकडे रेड. जहाजाच्या उजव्या-डाव्या दिव्यांचाच हा नियम. ओमाहाचा किनारा उत्तरेला तोंड करून आहे, म्हणजे होडीतल्या सैनिकाचा उजवा हात पश्चिमेला. तेव्हा उत्तर वर धरलेल्या नकाशावर डॉग ग्रीन डावीकडे येतो आणि डॉग रेड उजवीकडे. ओमाहाचा पश्चिमेकडून क्रम असा: चार्ली, डॉग ग्रीन, डॉग व्हाइट, डॉग रेड, ईझी ग्रीन, ईझी रेड, फॉक्स ग्रीन, फॉक्स रेड. समुद्राकडून काढलेल्या रेखाचित्रात हा क्रम उलटा, कारण तिथे डावीकडे पूर्व आहे. उपाय एकच: नकाशा उलटा फिरवा, दक्षिण वर घ्या आणि मग रेखाचित्राशी ताडा. युटाचा किनारा ईशान्येला तोंड करून आहे, म्हणून तिथे टेअर ग्रीन वायव्येला आणि अंकल रेड आग्नेयेला.

ओमाहाच्या टेकाडातून वर जाणाऱ्या पाच घळींना एक्झिट म्हटलंय: डी-१ व्हिएरव्हिलची, डी-३ ले मुलँची, ई-१ सेंट-लोराँची, ई-३ कोलव्हिलची आणि पूर्वेच्या टोकाला एफ-१. रणगाडे आणि गाड्या वर न्यायला याच वाटा होत्या. जर्मन ठाणी त्यांच्या तोंडांवरच का गोळा झाली आहेत, हे समोच्च रेषा पाहिल्या की विचारावं लागत नाही. समांतर वाहणारा प्रवाह नकाशावर ताडून मग वाचा की बऱ्याच होड्या नेमलेल्या जागेच्या पूर्वेला का लागल्या. युटालाही प्रवाहाने सैन्य सुमारे दोन हजार यार्ड दक्षिणेला नेलं. तिथे बचाव विरळ होता, म्हणून चूक पथ्यावर पडली.

लायब्ररीच्या संग्रहात जे कमी पडतं ते कॅनडातल्या मॅकमास्टर विद्यापीठाच्या ग्रंथालयातून भरून काढा. तिथे ब्रिटिशांचे जीएसजीएस (ब्रिटिश लष्कराची नकाशे काढणारी शाखा) मालिकेचे १:२५,००० आणि १:५०,००० चे फ्रान्सचे नकाशे आहेत. पाचही किनारे एकाच पद्धतीने पाहायचे तर १:२५,००० सारखा नकाशा नाही. शिवाय त्यावर एक किलोमीटरची ग्रिड (उभ्या-आडव्या रेघांची जाळी) आहे, आणि लष्करी अहवालातले सहा आकडी संदर्भ तिच्याशिवाय निरुपयोगी आहेत.

ते संदर्भ असे वाचायचे. पॉइंट दु हॉक (ओमाहाच्या पश्चिमेचा कडा) म्हणजे ५८६९३८. पहिले तीन आकडे पूर्वेकडचे: ५८ ची उभी रेघ आणि पुढे सहा दशांश. नंतरचे तीन उत्तरेकडचे: ९३ ची आडवी रेघ आणि आठ दशांश. अचूकता शंभर मीटरची. ही ग्रिड फ्रेंच लँबर्ट झोन १ ची आहे आणि आजच्या सॉफ्टवेअरमध्ये ती ईपीएसजी (नकाशांच्या मोजणी-पद्धतींची क्रमांकवार यादी) २७५६१ या क्रमांकाने मिळते. नॉर्मंडीच्या याच किनाऱ्याचे संदर्भ ‘नोर द गेर’ ग्रिड धरून लावले तर काहीच जुळत नाही. ती वेगळी ग्रिड आहे.

क्यूजीआयएस या नकाशांच्या फुकट सॉफ्टवेअरमध्ये पूर्ण अंक कसे करायचे? उत्तरेच्या आकड्याआधी १ लावा: ९३८ चे १,९३,८०० मीटर. पूर्वेच्या आकड्याआधी युटापासून जुनोच्या मध्यापर्यंत ३, त्यापुढे ४. पॉइंट दु हॉक होतं ३,५८,६०० आणि १,९३,८००. बेनूव्हिलचा पेगासस पूल, संदर्भ ०९८७४८, होतो ४,०९,८०० आणि १,७४,८००. फसगत जुनोवर होते. चार लाख मीटरची रेघ बेर्निएर आणि सेंट-ओबँ यांच्या मधून जाते, म्हणजे ९९ नंतर एकदम ०० येतं. एकाच ब्रिगेडच्या अहवालात ९७ आणि ०१ दिसले तर त्या जागा शंभर किलोमीटर लांब नाहीत, शेजारशेजारच्या आहेत.

स्कॅन जागेवर बसवायला त्यातलं जिओरेफरन्सर हे साधन उघडा, ईपीएसजी २७५६१ निवडा आणि ग्रिडच्या रेघा जिथे छेदतात असे निदान सहा बिंदू द्या: चार कोपऱ्यांजवळ, दोन मध्ये. सुरुवात साध्या पहिल्या घाताच्या रूपांतराने करा. तिसरा घात घेतल्याने चुकीचा आकडा कमी दिसतो, पण बिंदूंच्या मधला नकाशा वाकतो. मग आजचा उपग्रह नकाशा खाली ठेवून गावांचे चर्च तपासा. सगळे चर्च एकाच दिशेला सारखेच सरकलेले असले तर जुन्या-नव्या मोजणीतला फरक आहे, अख्खा थर हाताने सरकवा. प्रत्येक चर्च वेगळीकडे गेलं असेल तर एखादा बिंदू चुकलाय किंवा कागद आकसलाय. लायब्ररीच्या फायलींपैकी या कामाला टिफ घ्या, जेपीजीची सगळ्यात छोटी प्रत नको, कारण तिच्यात ग्रिडचे आकडे पुसट होतात. टिफ शंभर एमबीच्या वर जाऊ शकते. नुसतं पाहायचं असेल तर संकेतस्थळावरचा झूम पुरतो, मोबाइलवरसुद्धा.

उपग्रह चित्रावर आंधळा भरवसा नको. ओमाहावरचा गोट्यांचा बांध, ज्याच्या आडोशाला सैनिक पडून राहिले, तो आता राहिलेला नाही. पॉइंट दु हॉकचा कडा झिजला आहे. अरोमाँशला मात्र कृत्रिम बंदराचे उरलेले ठोकळे आजही समुद्रात दिसतात आणि नकाशा जुळला की नाही हे पाहायला उपयोगी पडतात.

आणि मूळ नकाशांनाही मर्यादा होती. ब्रिटनमध्ये १९४२ मध्ये बीबीसीवरून लोकांकडे सुट्टीतले फोटो मागितले होते, पुढे पाणबुड्या नि पोहणारे पाठवून वाळूचे नमुने आणले होते. एवढं करूनही मेर्देरे नदीकाठचा पूर हवाई छायाचित्रांत कुरणासारखा दिसला, कारण पाण्यातून गवत वर आलेलं होतं. छत्रीधारी सैनिक अंगावरच्या ओझ्यासकट त्यात पडले आणि काही बुडाले. बोकाजचंही तसंच. शेतांच्या बांधांवरची दाट कुंपणं नकाशावर नुसती रेघ आहेत. तिची उंची, खालच्या मातीच्या बांधाची जाडी, आतली खोल पायवाट, यातलं काहीच त्या रेघेत नाही. जूनअखेरपर्यंत आघाडी इतकी हळू का सरकली, याचं उत्तर नुसत्या नकाशावर शोधणाऱ्याला ते मिळणार नाही. जमिनीवरून काढलेले फोटो सोबत हवेतच.

कागदावरच हवा असेल तर मिशेलिनचा क्रमांक १०२, ‘नॉर्मंडीची लढाई’, हा १९४७ च्या नकाशाची पुनर्मुद्रित प्रत म्हणून मिळतो. प्रमाण १:२,००,०००. कान शहरापासून फालेजपर्यंतची मोहीम टेबलावर एका दमात दिसते आणि प्रत्यक्ष तिथे जाणाऱ्याला रस्तेही ओळखता येतात. किनाऱ्यावरच्या सकाळीसाठी तो विकत घेऊ नका.

ओमाहाचा नकाशा घरी छापायचा तर ए-३ चे तुकडे करून छापा आणि प्रिंटरचं ‘पानात बसवा’ हे बंद ठेवा, नाहीतर १:७,९२० हे प्रमाण मोडतं. तुकडे करताना प्रत्येकावर दोन सेंटीमीटर पुढचा भाग ठेवा. छापल्यावर नकाशावरची अंतरपट्टी मोजपट्टीने मोजा: एक हजार यार्ड ११.५ सेंटीमीटर भरले पाहिजेत.